बिनहशाचे सत्तर फूट

लॉस एंजेलिसच्या एडनडेल भागात 'लकी पेलिकन' नावाचा एक छोटा स्टुडिओ होता. दोन-दोन रिळांचे विनोदी मूकपट तिथे घाण्यासारखे निघायचे, आणि त्यातला एकही ओरिन टटलच्या हाताशिवाय पुरा व्हायचा नाही. ओरिन प्रॉपर्टी सांभाळायचा. नायकाच्या टाळक्यात फुटणारी बाटली तो साखरेच्या पाकाची ओतायचा, उत्तर ध्रुव मिठाच्या पोत्यांतून अंथरायचा, आणि हत्ती हवा म्हटलं की खेचराला सोंड शिवायचा. त्या खेचराने एकदा दृश्य चालू असताना स्वतःचीच सोंड खाल्ली, तर या पठ्ठ्याने जेवणाच्या सुट्टीत दुसरी शिवून तिच्यावर तिखट चोळून ठेवलं. वय एकोणपन्नास, वजन अडीच मण, बोलणं मोजकं. पोस्टरावर याचं नाव कधी आलं नाही आणि त्याने ते कधी मागितलंही नाही. अशा माणसांच्या जिवावरच हा धंदा उभा होता, आणि हे धंद्यातल्या कुणाला सांगायला गेलं तर तो घड्याळाकडे बघायचा.

एकोणीसशे तेवीस साली गावाला साहसपटांचं वेड लागलं होतं. कुणीतरी टोपीवाला धाडसी गृहस्थ जंगलात जायचा, सिंहासमोर छाती काढून उभा राहायचा, आणि सहा रिळं घेऊन परत यायचा. पाटी यायची, 'मानवाचे पाऊल न पडलेला प्रदेश', आणि लोक श्वास रोखून बसायचे. पाऊल पडलेलं नाही तर समोर कॅमेरा कोणी लावला, हा प्रश्न एकालाही पडायचा नाही.

लकी पेलिकनचा दिग्दर्शक हॉब गॅरिटी याला मात्र तो पडला. गॅरिटी लाल केसांचा, तापट, आणि विनोदाच्या बाबतीत अगदी कसाई. त्याने ठरवलं, आपण या धाडशी लोकांची टर उडवायची. नायक होता मॉर्टी झेल, काडीसारखा बारीक, पडण्यात हुशार. ओरिनने तीन दिवसांत जंगल उभं केलं. पण चौथ्या दिवशी दुपारपर्यंत मॉर्टी सात वेळा झाडावरून पडला, आणि कॅमेऱ्याचं हँडल फिरवणारा माणूससुद्धा हसला नाही.

लकी पेलिकनमध्ये एक रीत होती. दुपारी सगळे एका लांब टेबलावर जेवायचे, आणि झाडूवाल्यापासून नायिकेपर्यंत कुणीही विनोद सुचवावा. ज्याचा घेतला जाईल, त्याने त्या दिवशी दिग्दर्शकाच्या खुर्चीत बसून जेवायचं आणि दिग्दर्शकाने उभ्याने. त्या दिवशी गॅरिटी स्वतःच्याच खुर्चीत डोकं धरून बसला होता.

"मला एवढंच सांगा," तो ओरडला, "हे शूर वीर जंगलात दिवसभर करतात तरी काय?"

ओरिन टेबलाच्या टोकाला सिंहाची शेपटी शिवत होता. मान वर न करता तो म्हणाला, "सिंह उठायची वाट बघतात."

सगळ्या टेबलावर हशा फुटला. गॅरिटी उठून त्याच्याजवळ आला.

"टटल, तुला काय माहीत?"

"मी गेलो होतो ना. कॅप्टन व्हिटलॉकबरोबर. स्वयंपाकी म्हणून."

कॅप्टन ऑगस्टस व्हिटलॉक! बारा वर्षांपूर्वी पूर्व आफ्रिकेतून त्याने आणलेली सिंहाची फिल्म देशभर गाजली होती. सिंह आ वासून गर्जना करतोय आणि कॅप्टन बंदूक टेकून शांत उभा आहे, हे चित्र शाळेच्या पुस्तकात गेलं होतं. आणि त्याचा स्वयंपाकी इतकी वर्षं इथे बसून खेचराला सोंडा शिवत होता, आणि चकार शब्द बोलला नव्हता.

त्या दिवशी मात्र बोलला. एकदा गाठ सुटली की दोरा निघतच जातो, तसं झालं. सिंह म्हातारा होता, गावकऱ्यांनी खड्ड्यात धरलेला. एक आख्खी बकरी खाऊन तो जो झोपला तो दोन दिवस उठेना. डबे वाजवले, गाणी म्हटली. शेवटी हमालांच्या मुकादमाने अक्कल लढवली. तो सिंहाच्या समोर, कॅमेऱ्याच्या मागे जाऊन बसला आणि लांबलचक जांभई दिली. मग दुसऱ्या हमालाने दिली. मग ओरिनने, मग कॅप्टनने. आणि सगळ्यांत शेवटी सिंहाने. मूकपटात आवाज कुठला? जांभईची गर्जना झाली. 'मानवाचे पाऊल न पडलेल्या' गावात एका हिंदी शिंप्याचं दुकान होतं, ते झाडपाल्याने झाकायला अर्धा दिवस गेला. शिंपी सारखा पाल्यातून डोकं काढून विचारायचा, साहेब, पाटलोणीचं माप घेऊ का?

लोक पोट धरून हसत होते. मॉर्टी तर बाकावरून खाली पडला, आणि त्या आठवड्यातलं ते त्याचं पहिलं चांगलं पडणं होतं. ओरिनला खुर्चीत बसवलं. गॅरिटीने उभ्याने सँडविच खाल्लं. बारा वर्षांत ज्याच्याकडे कुणी दोनदा बघितलं नव्हतं त्याच्या प्रत्येक वाक्याला आज हशा येत होता, आणि तो सुखावला. का नाही सुखावणार?

संध्याकाळी घरी बटाटे सोलताना त्याला आठवलं, की आपण शब्द दिला होता.

परतीच्या बोटीवर कॅप्टनने त्याला कठड्याशी नेऊन सांगितलं होतं, "टटल, त्या सिंहाचं आपल्या दोघांत राहू दे." आणि ओरिनने हात पुढे केला होता. तेव्हा तो हात त्याने मनापासून पुढे केला होता, कारण कॅप्टनच्या पाठीवरूनच तो जिवंत परतला होता. एका तळ्याच्या वाटेवर ओरिनला ताप चढला. कॅमेरा, पेट्या आणि हमाल एक दिवस पुढे गेले होते. मागे फक्त हे दोघे. कॅप्टन दिसायला रुबाबदार, पण दम्याचा माणूस. त्याने ओरिनला पाठीवर घेतलं आणि दोन दिवस चालत मिशनच्या दवाखान्यापर्यंत आणलं. सिंहापुढची ऐट साऱ्या देशाने बघितली, आणि जे खरं शौर्य होतं त्याचा एक इंचही फिल्मवर उतरला नाही.

दुसऱ्या दिवशी ओरिन गॅरिटीसमोर टोपी हातात घेऊन उभा राहिला.

"बॉस, एक दृश्य माझं घ्या. कॅप्टन स्वयंपाक्याला पाठीवर घेऊन चालतो. बस, एवढंच."

"त्यात हसायचं काय आहे?"

"काही नाही. पण त्याची एवढी फजिती करतोय, तर हे एक असू द्या."

गॅरिटीने बराच वेळ सिगार चावला. "घेतो. पण नियम माहिताय ना तुला?"

नियम सगळ्यांना माहीत होता. फिल्म तयार झाली की शनिवारी दुपारी ग्लेंडेलच्या एका थिएटरात, जाहिरात न करता, लोकांसमोर दाखवायची. फिल्म जोडणारी आयडा क्रॉस मधल्या रांगेत कागद घेऊन बसायची आणि हशा आला की रेघ ओढायची. खुदकन हसले तर आखूड, गडगडाट झाला तर लांब. जिथे रेघ नाही तो तुकडा सोमवारी कापायचा. नायकाचा असो की मालकाच्या पुतण्याचा असो, आयडाची कात्री कुणाची नव्हती. गेल्या वर्षी गॅरिटीने आपल्या सख्ख्या बायकोचं दृश्य कापलं होतं, आणि महिनाभर तो स्टुडिओतच झोपत होता.

पहिल्या शनिवारी थिएटर दणाणून गेलं. जांभयांच्या दृश्याला तर अशी मजा आली, की पडद्यावर मॉर्टीने आ वासला आणि निम्मं थिएटर खरोखरीच जांभया द्यायला लागलं. आणि मग ते दृश्य आलं. मॉर्टी एका पोरगेल्या नटाला पाठीवर घेऊन माळावरून चालतोय. मिनिटभर. थिएटरात कुणी खोकलंसुद्धा नाही. पियानो वाजवणाऱ्या बाईंनाही काय वाजवावं कळेना, त्यांनी नुसते दोन सूर धरून ठेवले.

बाहेर फुटपाथवर आयडाने कागद पुढे धरला. "एकेचाळीस रेघा. उत्तम. मध्ये फिल्मचे सत्तर फूट कोरे."

"लोक गप्प झाले म्हणजे त्यांना भिडलं, आयडाबाई," ओरिन म्हणाला.

"असेल. गप्प बसण्याला मी रेघ कशी ओढू? चर्चमध्येही गप्पच बसतात."

"सोमवारी काप," गॅरिटी म्हणाला.

ओरिन त्याच्या वाटेत उभा राहिला. आजवर तो कुणाच्या वाटेत उभा राहिला नव्हता, आणि अडीच मणाचा माणूस वाटेत उभा राहिला की थांबावंच लागतं. "बॉस, ते कापलंत तर उरेल काय? मी त्याचं मीठ खाल्लं, त्याच्या पाठीवर जगलो, आणि त्याचं गावभर हसं केलं, एवढंच उरेल."

"हे बघ, मला तुझं कळतं. पण मी खरं विकत नाही रे, हशा विकतो." मग तो थोडा नरमला. "सोमवारी दुपारी बारापर्यंत ऊन आणि कॅमेरा तुझा. त्यात हशा आण. नाही आला तर कात्री."

रविवार ओरिनने मागच्या ओट्यावर बसून काढला. हशा आणायला त्याला काही अवघड नव्हतं. बारा वर्षं तो तेच करत आला होता. मॉर्टीला केळीच्या सालावरून घसरवला की काम फत्ते. पण मग पुन्हा कॅप्टनच माकड ठरणार. दुपारी तीनच्या सुमाराला त्याला उलगडलं, की पाठीवर दोघं असतात. हशा वर बसलेल्यावर पाडायचा. खाली वाकलेल्याने नुसतं चालायचं. एवढ्या साध्या गोष्टीला माणसाने आख्खा रविवार घातला म्हणून कुणी हसेल, पण दुसऱ्याची अब्रू राखून हसवणं हा या धंद्यातला सगळ्यात अवघड भाग आहे, आणि भले भले नट तो न शिकताच म्हातारे झाले.

त्याच ओट्यावर त्याने पासाडेनाच्या पत्त्यावर पत्र लिहिलं. 'कॅप्टन, मी सिंहाचं बोललो. येत्या शनिवारी तीन वाजता ग्लेंडेलला दाखवणार आहेत. मी बाहेर उभा असेन. टटल.' पत्र न टाकता भागलं असतं. कॅप्टनला कुणी बोलवायला गेलं नव्हतं. पण ओरिन उठला आणि पेटीपर्यंत चालत गेला.

सोमवारी सकाळी तो स्वतः स्वयंपाक्याच्या एप्रनमध्ये कॅमेऱ्यापुढे येऊन उभा राहिला. मॉर्टीने त्याच्याकडे वरपासून खालपर्यंत बघितलं.

"हा धोंडा मी उचलायचा? माझ्या बारशाला आईने सांगितलं होतं, पोराला ओझं देऊ नका."

"मॉर्टी, तू फक्त चाल. तोंड वेडंवाकडं नको, अडखळणं नको. हळू, पण थांबायचं नाही."

"आणि हसवायचं कुणी?"

"मी."

"वा! पिक्चर माझं, पाठ माझी, आणि हशा तुझा?"

"हो," ओरिन म्हणाला. "एवढा दे मला."

मॉर्टी कुरकुर करत वाकला. त्याच्या बाजूने एक सांगायलाच हवं. ज्या माणसाला वीस वर्षं पोट भरायला तोंड वेंगाडावं लागलं, तो त्या सकाळी अडीच मण पाठीवर घेऊन अकरा वेळा माळ चालला आणि चेहऱ्याची एक रेषा हलवली नाही. त्याचे गुडघे खरोखर थरथरत होते. आणि वर ओरिन आरामात बसलेला. त्याने कमरेला अडकवलेल्या तव्यात स्वतःचा चेहरा बघून केस नीट केले. कॅप्टनच्या खिशातून बिस्किटं काढून एकेक खाल्लं. त्याच्या हॅटवर पडलेला चुरा झटकला. मग उन्हाचा त्रास होतो म्हणून तीच हॅट काढून आपल्या डोक्यावर घातली, आणि चाल मंदावली तेव्हा खांद्यावर टकटक करून पुढे बोट दाखवलं. असला कृतघ्न, लोचट, लठ्ठ स्वयंपाकी कुणी बघितला नव्हता. कॅमेऱ्याचं हँडल फिरवणारा माणूस ओठ चावत होता, हात हलेल या भीतीने.

शनिवारी पावणेतीनला ओरिन थिएटरच्या दाराशी उभा राहिला. कॅप्टन आला. केस पांढरे झालेले, कोटाच्या कोपरांवर कातड्याची ठिगळं, श्वास घरघरणारा. त्याने ओरिनला मान हलवली, तिकीट काढलं आणि शेवटच्या रांगेत जाऊन बसला. ओरिन भिंतीला टेकून उभाच राहिला.

जांभया आल्या. थिएटर हसून हसून वाकलं. शिंप्याने पाल्यातून डोकं काढलं, पोरं खुर्च्यांवर नाचली. ओरिनने शेवटच्या रांगेकडे बघायचं नाही असं ठरवलं होतं, आणि नाहीच बघितलं. मग माळ आला. बिस्किटाला पहिला हशा आला, हॅट काढली तेव्हा दुसरा, आणि खांद्यावर टकटक केल्यावर तर एक बाई ओरडली, "अरे मेल्या, उतर की खाली! मरेल ना तो!" सगळं थिएटर त्या वाकलेल्या माणसाच्या बाजूने झालं होतं. आयडाने सहा रेघा ओढल्या, त्यातल्या दोन लांब.

खेळ सुटल्यावर दोघे फुटपाथवर उन्हात उभे राहिले. लोक अजून हसत बाहेर पडत होते. कॅप्टनला कुणी ओळखलं नाही, आणि ओरिनकडे बघून दोन पोरं मात्र "बिस्किट! बिस्किट!" करत पळाली.

"मंगळवारी माझं एका शाळेत व्याख्यान आहे," कॅप्टन म्हणाला. "आता सिंह आला की मुलं हसणार."

"हसतील, कॅप्टन."

"तू शब्द दिला होतास."

"दिला होता. मोडला. चूक माझी. त्याला दुसरं नाव नाही."

कॅप्टनने खिशातून रुमाल काढून कपाळ पुसलं. त्याला राग आला होता आणि तो त्याने लपवलाही नाही. "माझ्याकडे तो एक सिंहच होता, टटल. त्याच्यावर मी बारा वर्षं काढली."

माफ करा म्हणणं ओरिनच्या ओठांवर आलं होतं, पण माफी मागितली की समोरच्याला ती द्यावी लागते, म्हणून त्याने ती मागितली नाही.

"आणि ते पाठीवरचं," कॅप्टन म्हणाला, "बिस्किटं कुठली आणलीस रे? बिस्किटं संपून चार दिवस झाले होते."

"बिस्किटं नसती तर हशा आला नसता. हशा नसता तर कापलं असतं."

"म्हणजे हे ठेवण्यासाठी तू..."

"हो."

एक ट्राम आली. कॅप्टनने ती जाऊ दिली.

"तू हॅट काढलीस तेव्हा मीही हसलो," तो म्हणाला. "पण तसं नव्हतं ते. तुला शुद्ध नव्हती. तू आईला हाका मारत होतास."

"मला नाही आठवत."

"कसं आठवेल! सारखा हाका मारायचास. उत्तर आलं नाही की उतरून तिला शोधायला बघायचास. मग मीच ओ देत होतो. तू म्हणायचास, आई. मी म्हणायचो, ओ. दोन दिवस. दम लागला होता, तरी."

ज्याने आयुष्यभर प्रत्येक गोष्ट कशाची ना कशाची बनवून दिली, त्या ओरिनकडे त्या क्षणी द्यायला काही नव्हतं.

"ते दाखवलं असतंस तर?" कॅप्टनने विचारलं.

"एक रेघ आली नसती, कॅप्टन."

"नसती आली." कॅप्टनने हॅट घातली आणि ट्रामच्या थांब्याकडे निघाला. हळू चालत होता, थोडा वाकून. वीसेक पावलं गेला असेल, तेव्हा ओरिनने मोठ्याने हाक मारली.

"कॅप्टन!"

कॅप्टन थांबला नाही, वळलाही नाही. चालता चालताच त्याने ओ दिली.